ओझं
(मंडळाच्या मेळाव्यातील भाषण)



विषय दिला आहे 'आमचे शेजारी'. आम्ही डिचोलीच्या रस्त्यावरची माणसं, म्हणून एकाच चवथीबद्दल बोलतो.

साल २०१२. पावसात आमच्याकडे खनिजाचे ट्रक दारात उभेच असायचे. चवथ झाली, पाऊस ओसरला की हंगाम सुरू व्हायचा, आणि त्या भरवशावर दुकानात उधारीही मिळायची. त्या वर्षी १० सप्टेंबरला सरकारने खाणी थांबवल्या. १९ तारखेला चवथ. सर्वोच्च न्यायालयाचा आदेश ऑक्टोबरात आला, पण दुकानदाराची वही त्याआधीच मिटली होती.

आमच्यातल्या एका ट्रकवाल्या भाऊंची मुलगी त्याच वर्षी पेडण्याला दिलेली. पहिली चवथ, म्हणजे सासरी ओझं पाठवायलाच हवं. नारळ, फळं, नेवऱ्या, लाडू. आणि बघायला तिथला सगळा वाडा जमणार. भाऊ काही बोलले नाहीत. वहिनी तर नाहीच नाही.

मग एक दिवस पलीकडच्या काकी चिबूड घेऊन आल्या. "आमच्याकडे फार झालेत, कुजून जातील." दुसऱ्या घरून नारळ आले, "पाडेली आला होता." कुणी नेवऱ्या तळायला म्हणून आपलं तूप घेऊन बसलं. खरं तर त्या वर्षी कुणाकडेच काही फार झालेलं नव्हतं. वहिनींना ते कळत होतं. त्यांनी डबे धुऊन परत केले ते रिकामे नाहीत. प्रत्येकात दोन दोन नेवऱ्या. ओझं पेडण्याला वेळेवर पोचलं. संध्याकाळी घुमट घेऊन आम्ही घरोघर आरतीला गेलो, भाऊंकडेही गेलो, आणि खाणीचा विषय कुणी काढला नाही.

पुढे दिवाळीत दोरीवरचे कपडे पांढरेच वाळले. त्या लाल धुळीला आम्ही वर्षानुवर्षं शिव्या दिल्या होत्या, आणि त्या धुळीची आठवण काढून हळहळावं असं आम्हांला आजही वाटत नाही. पोरांचे खोकले आम्हीच ऐकलेत. तरी 'बरं झालं' असं मोठ्याने कुणी म्हणालं नाही. समोरच्या घरात हप्ता थकलेला होता.

भाऊंनी शेवटी ट्रक विकला. नेणारे सकाळी लवकर आले. त्या वेळी एरवी रस्त्यावरची सगळी दारं उघडी असतात, अंगणात झाडू चालू असतो. त्या दिवशी आम्ही सगळ्यांनी दारं ओढून घेतली होती. ट्रक वळणावरून दिसेनासा झाला, मग कुठे पहिलं दार उघडलं.