धूर अडविणारे दार

रिसोड तालुक्यातील रिठद येथे वीजतंत्री व तारतंत्री व्यवसायातील तरुणांपुढे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर



आपल्या घरांना वातवाहिन्या नसतात. उन्हाळ्यात खिडकीला कूलर लावला की आपले वायुवीजन संपले. तेव्हा इमारतींतील डॅम्पर आणि त्यांचे विद्युत ॲक्च्युएटर या विषयावर बोलण्यासाठी रिठदला येण्याचे प्रयोजन काय, असा प्रश्न आपणांपैकी काहींच्या मनात आला असेल. या भागातील अनेक तरुण वायरिंगच्या कामासाठी पुण्या-मुंबईकडे जातात आणि तेथील मोठ्या इमारतींत, छताच्या आड, पत्र्याच्या वाहिन्यांवर बसविलेल्या या लहान पेट्यांची जोडणी करतात. आता ते काम घराजवळही येऊ लागले आहे. ९ ऑक्टोबर २०२४ रोजी राज्यातील ज्या दहा शासकीय वैद्यकीय महाविद्यालयांचे उद्घाटन झाले, त्यांत वाशीमचे आहे आणि भंडाऱ्याचेही आहे. वैद्यकीय महाविद्यालय म्हटले की शस्त्रक्रियागृहे आली, अतिदक्षता कक्ष आले आणि त्यांच्या मागोमाग वातानुकूलनाची यंत्रणाही आली.

भंडाऱ्याचे नाव घेतल्यावर ९ जानेवारी २०२१ ची रात्र आठवल्यावाचून राहत नाही. तेथील जिल्हा सामान्य रुग्णालयात नवजात बालकांच्या कक्षास आग लागली आणि दहा अर्भके दगावली. त्यांपैकी तीन भाजल्यामुळे व सात धुराने गुदमरून गेली, असे त्या वेळी शासनाकडून सांगण्यात आले. तेथे डॅम्पर असते तर ती वाचली असती, असे मी म्हणत नाही. तसे म्हणण्यास मजजवळ आधार नाही. आगीत माणसाचा जीव बहुधा ज्वाळेआधी धूर घेतो, एवढेच मला दाखवावयाचे आहे. वातवाहिनी त्या धुराला कशी वाट करून देते, याची उदाहरणे मात्र आपल्याच देशात आहेत. दिल्लीच्या उपहार चित्रपटगृहात १३ जून १९९७ रोजी आग लागली ती खाली, रोहित्राजवळ. माणसे गुदमरली ती वर, सज्जात. ५९ जण गेले. कोलकात्याच्या आमरी रुग्णालयात ९ डिसेंबर २०११ रोजी तळघरात आग लागली. धूर वातानुकूलनाच्या वाहिन्यांतून आणि उभ्या पोकळ्यांतून वरच्या मजल्यांवर चढला आणि नव्वदीच्या घरात माणसे मृत्यू पावली. त्यांतील बहुतेक जण अंथरुणाला खिळलेले रुग्ण होते. ज्वाळा त्यांच्यापर्यंत पोहोचल्याच नाहीत.

वाहिनीतून जाणाऱ्या धुराला अडविण्याचे काम डॅम्पर करतो. पाटाच्या चारीला जसे दार असते, तसेच हे हवेच्या चारीचे दार होय. पत्र्याच्या चौकटीत एक किंवा अनेक पाती असतात, ती एका दांड्याभोवती फिरतात आणि नव्वद अंशांत उघडी मिटतात. पाटाचे दार पाटकरी फिरवितो. हे दार फिरविणारी जी विजेची मोटर दांड्यावर बसविलेली असते, ती ॲक्च्युएटर. काही ॲक्च्युएटर दार फक्त उघडतात किंवा मिटतात, तर काही शून्य ते दहा व्होल्टच्या संकेतानुसार दार हवे तेवढेच किलकिले ठेवतात. हा दुसरा प्रकार रोजच्या हवेच्या नियमनासाठी आहे. आज मी मुख्यतः पहिल्या प्रकाराविषयी, म्हणजे अग्निरोधक भिंतीत बसणाऱ्या दाराविषयी बोलणार आहे, कारण चूक झाली तर तिची किंमत तेथे जिवाने मोजावी लागते.

या दाराचे मर्म आपणांस ठाऊक आहे. ते आपल्या विहिरीवरच आहे. मोटारपंपाच्या स्टार्टरमध्ये नो-व्होल्ट कॉइल असते. वीज असेपर्यंत ती संपर्क धरून ठेवते. वीज गेली की सोडून देते. सोडण्यासाठी तिला वेगळी आज्ञा द्यावी लागत नाही. अग्निरोधक डॅम्परचा ॲक्च्युएटर याच तत्त्वावर चालतो. मोटर पाते उघडते आणि उघडता उघडता आतील स्प्रिंग पिळून ठेवते. मग थोड्याशा विजेवर ती त्याच स्थितीत थांबून राहते. वीज तुटली की स्प्रिंग सुटते आणि साधारण वीस सेकंदांत पाते मिटते. वीज कशाने तुटली, हे स्प्रिंग विचारीत नाही. धूरशोधकाने तोडली असेल, तार जळाली असेल, अथवा वाहिनीतील उष्णता बहात्तर अंशांवर गेल्याने संवेदकातील फ्यूज वितळला असेल, परिणाम एकच.

परंतु प्रत्येक दार मिटलेच पाहिजे असे नाही. जळणाऱ्या मजल्यावरचा धूर बाहेर खेचणाऱ्या वाहिनीचे दार आगीच्या वेळी उघडावे लागते. दोन्ही पेट्या बाहेरून सारख्याच दिसतात. म्हणून नकाशात प्रत्येक दारापुढे, वीज गेल्यावर ते कोणत्या स्थितीत असावे, हे पाहिल्याशिवाय पेटीला हात लावू नये. नकाशात तसे लिहिलेले नसेल तर अभियंत्यास विचारावे. विचारण्यात कमीपणा नाही. उलटी बसविलेली पेटी काढावी लागणे, हा कमीपणा आहे.

आता बसविण्याविषयी. ॲक्च्युएटर येण्यापूर्वीच दार बिघडलेले असते, हे पुष्कळदा लक्षात येत नाही. गवंडी चौकटीवर भिंतीचा भार टाकतो, चौकट तिरकी होते. किंवा गिलाव्याचे सिमेंट पात्यावर सांडून घट्ट होते. म्हणून प्रथम चौकटीचे दोन्ही कर्ण टेपने मोजावेत आणि पाते हाताने पूर्ण उघडून मिटवून पाहावे. हाताने अडखळणारे पाते मोटर बसविल्याने सुधारत नाही. दांड्याच्या टोकावर पात्याची दिशा दाखविणारी खाच असते. नसेल तर कानशीने करावी, कारण छत बंद झाल्यावर पात्याची स्थिती सांगणारी तीच एक खूण उरते.

मोटरीचा जोर न्यूटन-मीटरमध्ये सांगतात. अर्ध्या मीटरच्या दांड्याच्या टोकाला एक किलोचे वजन टांगले तर जेवढा पीळ पडतो, तो सुमारे पाच न्यूटन-मीटर. साध्या डॅम्परला दर चौरस मीटरमागे अदमासे तेवढा जोर लागतो. कडांना रबरी पट्टी असेल किंवा हवेचा वेग अधिक असेल तर जास्त लागतो, आणि अखेरचा शब्द निर्मात्याच्या पत्रकाचा. पेटी दांड्यावर चढविताना पाते पूर्ण मिटवावे, पेटी तिच्या किल्लीने मिटलेल्या स्थितीपासून सुमारे पाच अंश पुढे फिरवावी आणि मगच पकड आवळावी. तेवढ्या राखीव पिळामुळे पाते शेवटी कडेवर दाबून बसते. पेटी गरगर फिरू नये म्हणून खाली एक पट्टी लावतात. ती पट्टी स्क्रूने घट्ट आवळण्याचा मोह आपल्याकडे फार आहे. पट्टीच्या खाचेत पेटीला किंचित हलता आले पाहिजे. दांडा केसभर वाकडा असतो. घट्ट पेटी त्याच्याशी रोज झगडते आणि अकाली मोडते.

वायरिंगमध्ये सर्वांत मोठा घोटाळा चोवीस व्होल्टच्या पेट्यांचा होतो. व्होल्ट कमी म्हणून तार बारीक, असा चुकीचा हिशेब आपण मनाशी करतो. प्रत्यक्ष आकडे घेऊ. एका पेटीला दहा व्होल्ट-अँपिअर लागतात असे समजा. सहा पेट्यांना साठ लागले. म्हणजे पन्नासचे रोहित्र येथे चालणार नाही. साठ भागिले चोवीस, म्हणजे अडीच अँपिअर. पेट्या चाळीस मीटरवर आहेत. जाऊन-येऊन तार ऐंशी मीटर झाली. एक चौरस मिलिमीटरच्या तांब्याच्या तारेत या अंतरावर सुमारे साडेतीन व्होल्ट गळतात. मुंबईत ते कदाचित खपेल. आपल्याकडे सायंकाळी २३० चे २०० व्होल्ट होतात. मग रोहित्रातून चोवीसऐवजी एकवीसहून कमीच निघतात, आणि पेटीपाशी पोहोचतात सतराच्या आसपास. अशा पेट्यांची खालची मर्यादा बहुधा वीस टक्के, म्हणजे १९.२ व्होल्ट असते. दीड चौरस मिलिमीटरची तारही येथे पुरी पडत नाही. अडीचची तार जेमतेम पुरते. कमी व्होल्टवर मोटर गुणगुणते, स्प्रिंग पुरती पिळली जात नाही आणि दार अर्धवट राहते. शस्त्रक्रियागृहात हवा येत नाही, तक्रार होते. आणि मग तक्रारीवर जो इलाज होतो, तो आगीपेक्षा कमी भयंकर नाही.

तो इलाज मी एका इमारतीत डोळ्यांनी पाहिला. छताची फळी काढली, तर डॅम्परचा दांडा बांधणीच्या तारेने उघड्या स्थितीत आवळून बांधलेला. खाली नियंत्रण पेटीवर त्याच डॅम्परसमोर हिरवा दिवा शांतपणे जळत होता. बांधणाऱ्याचा हेतू वाईट नव्हता. त्याला हवा सुरू करावयाची होती, आणि मोटार सुटू नये म्हणून स्टार्टरच्या दांडीला लाकूड खोचणारे शेतकरी त्याने लहानपणापासून पाहिले असतील. मीही पाहिले आहेत. विहिरीवर त्या लाकडाने मोटार जळते. तेथे मात्र एका मजल्याचा धूर दुसऱ्या मजल्यावर जाण्यास वाट मोकळी झाली होती.

हिरवा दिवा खोटे बोलत होता, कारण त्याला खरे सांगण्याची सोय कोणी केलीच नव्हती. तो पेटीकडे वीज गेली एवढेच दाखवीत होता. ॲक्च्युएटरमध्ये दोन लहान स्विच असतात. एक पाते मिटल्यावर फिरतो, दुसरा उघडल्यावर. दिवा या स्विचांवरून घ्यावा, आज्ञेच्या तारेवरून घेऊ नये. चार तारा वाचविण्यासाठी हे स्विच मोकळे सोडलेले मी पुष्कळ ठिकाणी पाहिले आहेत. त्यांचा दुसराही उपयोग आहे. दार उघडल्याचा स्विच पंख्याच्या स्टार्टरच्या कॉइलशी एकसर जोडावा, म्हणजे दार उघडल्याखेरीज पंखा सुरू होणार नाही. दार मिटलेले असता मोठा पंखा सुरू झाला, तर पत्र्याची वाहिनी फुगते किंवा चेपते. संकेताची तार मात्र २३० व्होल्टच्या तारेबरोबर एका नळीत घालू नये. तिचे जाळीदार आवरण एकाच टोकाला भूमीस जोडावे.

महाराष्ट्र आग प्रतिबंधक व जीवसंरक्षक उपाययोजना अधिनियम २००६ चा आहे. त्यानुसार इमारतीच्या मालकाने वा भोगवटादाराने दर वर्षी जानेवारी व जुलै या दोन महिन्यांत, आपली अग्निसुरक्षा यंत्रणा सुस्थितीत असल्याचे परवानाप्राप्त संस्थेचे प्रमाणपत्र सादर करावयाचे असते. त्या तपासणीत शिडी लावून छताखाली जाणारा माणूस बहुधा आपल्यापैकीच एक असतो. नियंत्रण पेटीचे बटण दाबून दिवा बदलला, एवढ्यावर त्याने समाधान मानू नये. वीज खरोखर तोडावी, वीस सेकंद मोजावेत आणि दांड्याच्या खाचेवर विजेरीचा प्रकाश टाकावा. खाच फिरली नाही तर पत्रकावर तसे लिहावे. बहात्तर अंशांचा संवेदक एकदा वितळला की पुन्हा जुळत नाही. तो बदलावाच लागतो. त्याची दोन टोके एकत्र पिळून पेटी चालू करणाऱ्यास कोणी जाब विचारीत नाही, म्हणून हे मुद्दाम सांगतो.

या टेबलावर मी एक लहान डॅम्पर आणला आहे. पेटी चोवीस व्होल्टची आहे, स्प्रिंग पिळलेली आहे, पाते उघडे आहे. येथून तुम्हांस पाते दिसणार नाही; दांड्यावरची खाच दिसेल, तिला मी खडू लावला आहे. ज्यांच्याजवळ घड्याळ असेल त्यांनी सेकंदकाट्यावर लक्ष ठेवावे. मी तार काढतो आहे.