स्पर्धेचा निकाल आणि न्यायालयाची पायरी



निकाल पटला नाहीं तर वकील गांठावा, ही चाल आतां शाळांच्या स्पर्धांपर्यंत येऊन पोंचली आहे. याचें सर्वांत ठळक उदाहरण केरळांत दिसतें. तेथील राज्य शालेय कलोत्सवास १९५७ सालीं एर्नाकुलम येथें आरंभ झाला. मोहिनीआट्टम, कथकली, ओप्पना, वादन, वक्तृत्व अशा नाना प्रकारांत मुलें उतरतात. शाळा, उपजिल्हा, जिल्हा आणि राज्य अशा या उत्सवाच्या चार पायऱ्या. जिल्ह्यांत जो पहिला येतो तो राज्याच्या रंगमंचावर जातो. तेथें मिळालेल्या श्रेणीवर शालान्त परीक्षेंत वाढीव गुण मिळतात. एखाद्या गुणानें मागें राहिलेल्या मुलाचे आईबाप अस्वस्थ कां होतात, हें यावरून ध्यानीं येईल.

अशा पालकांना शुल्क भरून प्रथम अपील-समितीकडे जातां येतें. तेथें निराशा झाली कीं उच्च न्यायालयाचा दरवाजा ठोठावतात. उत्सव तोंडावर आलेला असतो. म्हणून पुष्कळदां 'तूर्त भाग घेऊं द्यावा' एवढाच हुकूम मागितला जातो. या हुकुमांचें मोल इतकें वाढलें कीं, २०१८ च्या त्रिशूर येथील उत्सवांत बालहक्क आयोगाच्या नांवाचे बनावट हुकूम उघडकीस आले. मुलांच्या कलेसाठीं वडील माणसांनीं खोटे कागद करावे, याहून मोठा पराभव कोणता?

वास्तविक न्यायालय नियम मोडला कीं काय, परीक्षकाच्या मनांत दुष्टावा होता कीं काय, एवढें तपासूं शकतें. कोणाचा अभिनय सरस, हें ठरविणें त्याचें काम नव्हे. डिसेंबर २०२२ मध्यें केरळ उच्च न्यायालयानें अशा याचिका फेटाळल्या आणि मुलांना अपयश पचविण्यास शिकवा, असें पालकांना बजावलें.

परंतु सगळा दोष पालकांच्या माथीं मारून मला सुटतां येणार नाहीं. पूर्वीं एका आंतरशालेय वक्तृत्वस्पर्धेंत मी परीक्षक होतों. दुसऱ्या दिवशीं एक गृहस्थ वकिलाची नोटीस घेऊन दारांत उभे. मला राग आला. तरी गुणपत्रकें काढून पाहिलीं, तों काय! बेरीज माझीच चुकली होती. सहा गुण कमी धरले होते. त्यांचा मुलगा चौथा नव्हे, दुसरा होता. मीं क्षमा मागितली आणि निकाल दुरुस्त केला. वडील समाधानानें परत गेले. मुलगा मात्र सारा वेळ मान खालीं घालून फाटकापाशीं उभा होता. त्याचें भाषण कसें झालें, हें त्याला मींही सांगितलें नाहीं आणि त्याच्या वडिलांनींही विचारलें नाहीं.

तेव्हांपासून मी दोन गोष्टी मानीत आलों. बेरीज आणि नियम यांची तक्रार अवश्य करावी. शाळेनें त्याच दिवशीं गुणपत्रक उघडून ती ऐकावी. असें झालें तर निम्म्या नोटिसा लिहिल्याच जाणार नाहींत. मात्र आवडीनिवडीचा निकाल कोर्टांत नेऊं नये. तो घेऊन मूल घरीं येईल तेव्हां 'कितवा आलास?' हा प्रश्न क्षणभर बाजूस ठेवावा आणि 'काय म्हणालास, तें आम्हांला एकदां ऐकव' असें म्हणावें. त्या मुलाला त्या दिवशीं एवढेंच हवें होतें, असें मला आज वाटतें.