सेवामुक्त स्त्री-सैनिकांचे पुनर्वसन

माजी सैनिकांच्या मेळाव्यात एखादी स्त्री आली, की तिला तिच्या पतीची पलटण विचारली जाण्याचा संभव अधिक. वीरपत्नी, वीरमाता हे शब्द समाजात आदराने उच्चारले जातात, आणि ते योग्यच आहे. परंतु जिने स्वतः गणवेश धारण केला, तिच्यासाठी लोकव्यवहारात अद्याप शब्द रुळलेला नाही. ‘माजी सैनिक’ म्हणताच डोळ्यांपुढे उभे राहतात ते मिशीवाले सुभेदारच!

वस्तुतः ही परंपरा जुनी आहे. 1888 साली इंग्लंडहून मुंबई बंदरात उतरलेल्या 10 परिचारिकांपासून लष्करी परिचर्या सेवेचा आरंभ मानला जातो. याच सेवेत विवाह केल्यास नोकरी संपुष्टात आणणारी 1977 ची तरतूद 1995 पर्यंत अस्तित्वात होती. त्या कारणाने 1988 मध्ये सेवामुक्त केलेल्या एका अधिकारी परिचारिकेला 60 लाख रुपये भरपाई देण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने दिला, तो फेब्रुवारी 2024 मध्ये. न्याय मिळाला खरा. मधल्या 36 वर्षांची भरपाई कशाने व्हावी?

1992 पासून सैन्याच्या इतर शाखांतही स्त्री-अधिकारी घेतल्या जाऊ लागल्या. त्यांची 5 वर्षांची मुदत पुढे 10 व नंतर 14 वर्षांपर्यंत वाढली. निवृत्तिवेतनास मात्र अधिकाऱ्याची 20 वर्षांची सेवा लागते. सारी अडचण या दोन आकड्यांच्या दरम्यान आहे. बाविसाव्या वर्षी दाखल झालेली तरुणी छत्तिसाव्या वर्षी उपदानाची रक्कम घेऊन घरी परतते. पुरुषांनाही हाच नियम होता, परंतु त्यांना स्थायी कमिशनचा पर्याय उपलब्ध होता. रसदीचे ताफे किंवा दळणवळण यंत्रणा सांभाळल्याचा तिचा अनुभव कोणत्या पदाच्या तोडीचा, हे मुलाखत घेणाऱ्यास उमगत नाही. आणि घरी तर ‘आता पुरे झाले, संसार पाहा’ एवढेच ऐकावे लागते. 17 फेब्रुवारी 2020 च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने भूसेनेत स्थायी कमिशनचा मार्ग प्रशस्त झाला, तेव्हा कित्येकी केव्हाच बाहेर पडल्या होत्या.

2022 च्या अग्निपथ योजनेने हा प्रश्न खेड्यापर्यंत येणार आहे. नौदलाच्या पहिल्याच तुकडीत स्त्री-अग्निवीर होत्या. 4 वर्षांनंतर फार तर 25 टक्क्यांना पुढे सेवेत ठेवले जाईल. उरलेल्यांना सेवानिधीची एकरकमी रक्कम मिळते. निवृत्तिवेतन नाही, माजी सैनिकाचा दर्जाही नाही. विशी-पंचविशीतील अशी मुलगी गावी परतली, की लग्नाची घाई प्रथम होईल, नोकरीचा विचार मागाहून.

म्हणून ग्रामसेवकांनी व पंचायत सदस्यांनी परतलेल्या मुलींची नोंद ठेवावी. अल्पकालीन सेवेतील अधिकारी मुदत पूर्ण करून उपदानासह आली असेल, तर केंद्र शासनाच्या व्याख्येप्रमाणे ती माजी सैनिकच ठरते. त्या व्याख्येत स्त्री-पुरुष भेद नाही. तिला जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात नोंदणीसाठी धाडावे. विवाहानंतर नाव बदलले असल्यास कागदपत्रांचा मेळ आधी घालून द्यावा. लहान वाटणाऱ्या या कामी महिने जातात. आणि शाळेने झेंडावंदनास तिला बोलावले, तर अमक्यांच्या पत्नी म्हणून ओळख करून न देता तिच्या हुद्द्यानेच तिचे नाव पुकारावे.