कोर्ट थांबेल, पऱ्हाटी थांबत नाही
(जिल्हा मेळाव्यातील भाषण)



बियाणे उगवले नाही, किंवा पऱ्हाटी उंच वाढली पण बोंडे धरली नाहीत, की आपण तालुक्याच्या कृषी अधिकाऱ्याकडे तक्रार देतो. पंधरा दिवस कोणी फिरकत नाही. मग कोणीतरी म्हणतो, चला हायकोर्टात, रिट टाकू. वर्गणी होते, वकील होतो. पहिल्याच तारखेला कोर्ट विचारते, तक्रार अधिकाऱ्यापुढे आहे ना? मग आधी त्याचा निर्णय होऊ द्या. माणसे परत येऊन म्हणतात, कोर्टही त्यांचेच!

आम्हाला तसे वाटत नाही. घटनेच्या २२६ व्या कलमाने हायकोर्टाला मोठा अधिकार दिला आहे. पण कायद्याने ज्याच्याकडे चौकशी सोपवली, त्याचे काम चालू असताना मध्ये पडायचे नाही, हा लगाम कोर्टांनी आपणच आपल्याला घातला आहे. त्यात शहाणपण आहे. दोष बियाण्याचा की पावसाच्या खंडाचा, हे बांधावर जाऊनच कळते. न्यायमूर्ती बांधावर येत नाहीत. तक्रार निवारण समितीने यायचे असते.

पण लगाम म्हणजे कुलूप नव्हे. १९९८ साली व्हर्लपूल कंपनीच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने अपवाद सांगितले. मूलभूत हक्काचा भंग झाला, बाजू ऐकूनच घेतली नाही, अधिकार नसताना आदेश काढला, किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान असेल, तर दुसरा मार्ग असूनही हायकोर्टात जाता येते. आणि अधिकारी कागद दाबून बसला, तर ठराविक मुदतीत निर्णय द्या, एवढाच आदेश मागता येतो.

दुसरी गोष्ट ग्राहक आयोगाची. राष्ट्रीय बीज निगमाचे म्हणणे होते की शेतकऱ्याने बियाणे कायद्याखालीच दाद मागावी, ग्राहक मंचाकडे येऊ नये. २०१२ साली सुप्रीम कोर्टाने ते फेटाळले. शेतकरी ग्राहक आहे, हा मार्गही त्याला मोकळा आहे, असा निकाल दिला. मात्र तिथे मुदत दोन वर्षांची. अधिकाऱ्याच्या उत्तराची वाट पाहत ती घालवू नका.

कोर्ट थांबू शकते, पऱ्हाटी थांबत नाही. ती उपटून ज्वारीसाठी रान मोकळे केले, की पुरावा गेला. म्हणून तक्रार लेखी द्या, तारखेची पोच घ्या. बिल, पिशवी आणि लेबल जपा. पीक उभे असतानाच पाहणी मागा, पंचनाम्याची प्रत घ्या. कोणी आले नाही तर स्मरणपत्र द्या, त्याचीही पोच ठेवा.

अधिकारी काम करतो आहे, म्हणून कोर्ट थांबते. तो काम करत नाही, हे दाखवणारा कागद आपल्या हाती पाहिजे. गावी गेल्यावर एवढे प्रत्येक घरी सांगा.