उडत्या बेटाचा दोरा
(स्नेहमेळाव्यात केलेले भाषण)



मला पाच मिनिटं दिली आहेत आणि विषय दिलाय ‘शाळेनं मला काय दिलं’. मी विषय सोडून बोलणार आहे. निबंधातही तेच करायचो, हे मराठीच्या बाईंना आठवत असेल. मला बोलायचंय लापुटाबद्दल.

गॅलिव्हर आपल्याला ठाऊक असतो तो लिलिपुटमधला, बोटभर माणसांतला. जोनाथन स्विफ्टच्या १७२६ सालच्या त्या पुस्तकाच्या तिसऱ्या भागाकडे फारसं कुणी जात नाही. त्यात लापुटा नावाचं उडतं बेट आहे. गोल, सुमारे साडेचार मैल रुंद. त्याच्या पोटात सहा यार्ड लांबीचा, आसावर फिरणारा लोहचुंबक. चुंबकाचं एक टोक खालच्या जमिनीकडे ओढलं जातं, दुसरं तिच्यापासून दूर ढकललं जातं. पहिलं टोक खाली केलं की बेट उतरतं, दुसरं केलं की चढतं. चुंबक तिरपा धरला तर बेट तिरपं सरकतं, आडवा ठेवला तर जागच्या जागी थांबतं.

गोष्टीपुरतं एवढं पुरे होतं. पण स्विफ्ट त्या शास्त्राच्या मर्यादाही सांगून टाकतो. चुंबकाची ताकद चार मैलांच्या वर पोचत नाही. ज्या खनिजामुळे हे घडतं, ते फक्त त्या राजाच्या मुलखाखाली आणि किनाऱ्यापासून समुद्रात सहा लीगपर्यंतच आहे. त्यापलीकडे बेट जाऊच शकत नाही. राजाला बंडखोर गावावर बेट आणून ऊन-पाऊस अडवता येतो. बेट खाली आपटून गाव चिरडायला मात्र तो कचरतो, कारण तळ तडकला तर सगळाच खेळ संपला.

नववीच्या विज्ञान प्रदर्शनात आम्ही दोघांनी हे बेट केलं होतं. जुन्या लाउडस्पीकरमधली दोन चुंबकाची कडी, एक फळीखाली, एक थर्माकोलच्या बेटाखाली, सारखे ध्रुव समोरासमोर. हात सोडला की बेट उलटं होऊन खाडकन फळीवर चिकटायचं. आठवडाभर हेच. शेवटी जोडीदारानं मासेमारीची तंगूस आणली आणि तीन बाजूंनी बेट फळीला बांधलं. उभं राहिलं! मागे निळा कागद लावला, दोरे दिसेनासे झाले.

जोडीदार म्हणाला, “चार्टावर लिहू या, दोरे आहेत म्हणून.” मी म्हणालो, “मग राहिलं काय?” परीक्षकांनी विचारलं तेव्हा मीच उत्तर दिलं, की फक्त चुंबकावर तरंगतंय. दुसरा नंबर आला. बक्षीस घ्यायला तो स्टेजवर आला नाही. सगळ्यांना वाटलं ताप आला असेल. दहावी संपेपर्यंत आम्ही बोललो नाही.

विज्ञानाचे सर आज आपल्यात नाहीत. संध्याकाळी हॉल रिकामा झाल्यावर ते आले, बेट एका बोटानं दाबलं, सोडलं आणि म्हणाले, “तंगूस केवढ्याची आणलीस?” बाकी काही नाही. दुसऱ्या दिवशी लायब्ररीतलं मूळ इंग्रजी पुस्तक हातात ठेवलं आणि त्यातलंच गणित घातलं.

लापुटाच्या ज्योतिषांनी मंगळाचे दोन चंद्र शोधलेत, असं स्विफ्ट लिहितो. जवळचा मंगळाच्या केंद्रापासून त्याच्या व्यासाच्या तिप्पट अंतरावर, फेरी दहा तासांची. लांबचा पाचपट अंतरावर, साडेएकवीस तासांची. सर म्हणाले, केप्लरचा नियम लावून बघ. मी बसलो. वेळांच्या गुणोत्तराचा वर्ग ४.६२ आला, अंतरांच्या गुणोत्तराचा घन ४.६३.

“पण सर, तेव्हा ते चंद्र कुठं माहीत होते?”

“नव्हतेच. १८७७ साली असफ हॉलला सापडले. दोनच आहेत. अंतरं आणि वेळा मात्र याच्या चुकल्या. पण थाप मारतानाही नियम पाळलान् की नाही?”

मी मान खाली घातली ती बराच वेळ वर केली नाही.

कॉलेजात गेल्यावर कळलं की सॅम्युएल अर्नशॉ नावाच्या इंग्रज गणितज्ञानं १८४२ सालीच सिद्ध केलं होतं, की नुसत्या स्थिर चुंबकांच्या जोरावर दुसरा चुंबक हवेत स्थिर ठेवता येत नाही. कुठल्या तरी दिशेला तो घसरणारच. त्याला गिरकी द्या, विजेनं क्षणोक्षणी सावरा, नाहीतर बांधून ठेवा. म्हणजे स्विफ्टचं आडव्या चुंबकावर थांबणारं बेटही थांबलं नसतं, आणि आमच्या प्रदर्शनातलं खरं विज्ञान त्या तीन दोऱ्यांत होतं. तेच मी लपवलं.

जोडीदार आज आलाय. तिसऱ्या रांगेत, पंख्याखाली. नाव घेत नाही, तू चिडशील.

अरे, प्रमाणपत्रावर आपल्या दोघांची नावं आहेत. आईनं ते ट्रंकेत जपून ठेवलं होतं, मी घेऊन आलोय. चार्टावर राहिलेली ओळ मी त्याच्या मागे लिहिली आहे : ‘बेट तीन दोऱ्यांनी फळीला बांधलेले आहे.’ खाली माझी सही आहे, शेजारी तुझ्यासाठी जागा ठेवली आहे. पेन माझ्याकडे आहे. जेवणाच्या आधी भेट.