मॅगेलनचा दुभाष्या

पृथ्वीप्रदक्षिणेची गोष्ट आपण शाळेत मॅगेलनच्या नावानं पाठ केली. १५१९ साली स्पेनच्या राजाची ५ जहाजं पश्चिमेच्या वाटेनं मसाल्याच्या बेटांकडे निघाली. माणसं सुमारे अडीचशे. ६ सप्टेंबर १५२२ रोजी ‘व्हिक्टोरिया’ हे एकच जहाज परतलं. त्यावर युरोपातले १८ जण उरले होते आणि जहाजाच्या पोटात लवंगा. पुलावातल्या ज्या आपण ताटाच्या कडेला काढून ठेवतो, त्याच.

पॅसिफिक ओलांडताना ताजं अन्न संपलं. पिगाफेट्टा नावाचा इटालियन गृहस्थ जहाजावर होता. तो लिहितो, डोलकाठीच्या आडव्या दांड्यावरचं कातडं चार-पाच दिवस समुद्रात भिजवून, निखाऱ्यावर भाजून खाल्लं. उंदीर अर्ध्या डुकाटला, तोही मिळेना. पुढे गुआम बेटावर लोकांनी एक होडी पळवली, तर मॅगेलननं चाळीस-पन्नास घरं जाळली आणि सात माणसं मारली. पातागोनियात फसवून बेड्या घातलेला एक माणूस वाटेतच मेला. अडीचशेच्या हिशेबात हे कुणीच येत नाहीत.

मी कवी माणूस, आकड्यांपेक्षा भाषेत अडकतो. घरात दखनी नि कागदावर मराठी, त्यामुळे मला ओढ दुभाष्याची. एन्रिके हा मॅगेलननं मलाक्क्यात मिळवलेला गुलाम. मार्च १५२१ मध्ये फिलिपिन्सजवळ एक होडी दिसली. एन्रिकेनं मलय भाषेत हाक दिली आणि होडीतल्यांना ती कळली! अर्धं जग फिरून त्याला आपली भाषा भेटली होती. त्या क्षणी त्याला काय वाटलं असेल, हे पिगाफेट्टा लिहीत नाही.

२७ एप्रिलला मॅगेलन मॅक्टनच्या लढाईत पडला. आपल्यामागे एन्रिके मुक्त व्हावा, त्याला १०,००० माराव्हेदी मिळावेत, असं त्याच्या मृत्युपत्रात होतं. नवा कप्तान बार्बोझा म्हणाला, धनी मेला म्हणून तू सुटलास असं समजू नकोस. स्पेनला जाऊन मालकिणीची चाकरी कर. वर फटक्यांची धमकी. १ मे रोजी सेबूच्या राजाच्या मेजवानीत बार्बोझासह वीसहून अधिक माणसं कापली गेली.

पिगाफेट्टा म्हणतो, कट एन्रिकेचाच. तो स्वतः मात्र मेजवानीला गेला नव्हता. विषारी बाणानं चेहरा सुजल्यामुळे जहाजावरच होता.