गर्दीतल्या माणसाचं नाव

(जबलपूर इथे केलेल्या भाषणाचा संपादित भाग)



जबलपुरात सिनेमाचा विषय निघाला की भेडाघाट येतोच. १९६०च्या 'जिस देश में गंगा बहती है'मध्ये इथले संगमरवरी कडे आणि नर्मदा आहे. राज कपूर, पद्मिनी यांची नावं घरोघरी माहीत आहेत. चित्रीकरणासाठी राबलेल्या, क्षणभर पडद्यावर दिसलेल्या माणसांचं काय?

ही गोष्ट पहिल्या सिनेमापासूनची आहे. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'साठी (१९१३) बायका मिळाल्या नाहीत, म्हणून हॉटेलात स्वयंपाकी असलेले अण्णा साळुंके तारामती झाले. त्यांचं नाव राहिलं. त्यांच्यासोबत साड्या नेसून सख्या झालेले पुरुष आज नुसते चेहरे आहेत. पुढे अशा माणसांना 'एक्स्ट्रा' म्हणू लागले. शब्दच बघा : जादा. रोजावर बोलवायचं, घोळक्यात उभं करायचं, नामावलीत घ्यायचं नाही.

आपलं दुःख पडद्यावर मुख्य भूमिकेत आलं. 'अछूत कन्या'त (१९३६) ती देविका राणींनी केली, 'सुजाता'त (१९५९) नूतननं. ते दुःख भोगणारी माणसं त्याच सिनेमांच्या गर्दीत उभी होती का? असतीलही. पण चेहऱ्यावरून जात ओळखायचा धंदा आपण करायचा नाही. तो आपल्याविरुद्ध पुरेसा झाला आहे. आपला प्रश्न साधा आहे : काम केलेल्या माणसाचं नाव का लिहिलं गेलं नाही?

याच्या अगदी उलट जाणारी एक फिल्म आहे. ७ डिसेंबर १९५६ रोजी मुंबईत राजगृहापासून दादर चौपाटीपर्यंत बाबासाहेबांची अंत्ययात्रा निघाली. लेखक-कलावंत नामदेव व्हटकर यांनी पदरमोड करून ती चित्रित करवली. या फिल्ममधली गर्दी कोणी रोजावर आणलेली नाही. तिथे कोणी 'जादा' नाही. रडणारी बाई, खांद्यावर पोर घेतलेला बाप, हेच त्या फिल्मचं कारण आहेत. तरी त्यांचीही नावं आपल्याकडे नाहीत. इथे दोष कोणाला द्यायचा? हे काम आपलंच होतं.

दीक्षेच्या दिवशी, १४ ऑक्टोबर १९५६ला, जबलपूर आणि नागपूर एकाच राज्यात होते आणि नागपूर राजधानी होती. नर्मदेकाठची किती माणसं तिकडे गेली, कशी गेली, हे या शहरातल्या घरांनाच विचारावं लागेल. तेव्हा विशीत असलेली माणसं आज नव्वदीच्या घरात आहेत.

म्हणून माझी विनंती. दीक्षेचे फोटो, अंत्ययात्रेची फिल्म आजी-आजोबांसोबत बसून बघा. एखाद्या चेहऱ्याशी ते थबकले की तिथेच थांबवा. नाव, गाव, काम विचारा. कोणी ओळखलं, कोणत्या तारखेला, तेही लिहा. दोघांनी दोन नावं सांगितली तर दोन्ही लिहा, खोडू नका. आठवण चुकू शकते, हे संशोधक म्हणून मला मान्य आहे. पण चुकीची नोंद पुढे तपासता येते. न केलेल्या नोंदीचं काहीच करता येत नाही.

बाबासाहेबांनी आपल्याला माणूस म्हणून उभं केलं. त्या माणसाला नावही असतं.

जयभीम.